डाव्या चाकातली गिरणी

पहिल्यांदा आवाज ऐकला तो आईनं. श्रावणातल्या एका रविवारी जोतिबाला जाऊन परत येत होतो, केर्लीचा फाटा मागं टाकला, रस्ता जरा मोकळा मिळाला म्हणून गाडी साठच्या पुढं गेली आणि मागच्या सीटवरनं आई म्हणाली, "अरे, बाहेर गिरणी चालू हाय का कुठं?" बाहेर ऊस आणि पाऊस, गिरणी कुठली. मी म्हटलं टायरचा आवाज असंल, रस्ता खडबडीत आहे. पण शिवाजी पुलाच्या अलीकडं वेग कमी केला तसा तो आवाजपण खाली खाली येत गेला आणि तिशीला बंद झाला, तेव्हा माझ्या डोक्यात चक्र फिरायला लागलं.

आईचा शब्द अगदी बरोबर होता. दोन गल्ल्या सोडून गिरणीत दळण चालू असलं की भिंतीतनं जशी घरघर येते ना, कानाला कमी आणि छातीला जास्त, तसाच. व्हील बेअरिंग, म्हणजे चाक ज्या छर्र्यांवर फिरतं ते, जायला लागलं की असाच आवाज येतो, आणि तो इतक्या हळूहळू वाढतो की रोज गाडी चालवणाऱ्याला कळतच नाही, महिन्यातनं एकदा बसणाऱ्याला लगेच कळतो.

गाडी म्हणजे आमची सँट्रो झिंग, २००६ ची, एमएच शून्य नऊ, म्हणजे कोल्हापूरची. आण्णांनी घेतलेली पहिली नवी गाडी. त्याआधी स्कूटर, त्याआधी सायकल. आण्णा शिरोलीला फाउंड्रीत होते, ३० वर्षं वितळलेल्या लोखंडासमोर उभं राहून त्यांनी ही गाडी घेतली, त्यामुळं १५ वर्षं झाल्यावर लोक म्हणाले विकून टाका तेव्हा आम्ही पासिंग करून घेतलं आणि गाडी ठेवली. ११०० सीसीचं इंजिन अजून हाताला गुळगुळीत लागतं. मला ती गाडी ठेवायची आहे, आणि नीट ठेवायची आहे, म्हणूनच हे सगळं लिहितोय.

आता खरी गोष्ट अशी की हे पुढच्या डाव्या चाकाचं बेअरिंग नवंच होतं. म्हणजे दीड वर्षापूर्वी बदललेलं. २०२१ च्या जुलैत पूर आला तेव्हा गाडी मावशीच्या दारात होती, शाहूपुरी कुंभार गल्लीत, आणि आम्हाला काढायला जमलं नाही, दीड दिवस निम्मं चाक पाण्यात. पाणी उतरल्यावर इंजिन ऑइल बदललं, गिअर ऑइल बदललं, ब्रेक खोलून साफ केले, सीटा काढून उन्हात टाकल्या, सगळं केलं, पण चाकाच्या बेअरिंगचा विचार कुणीच केला नाही. बेअरिंगला सील असतात हे खरं, पण ते सील चिखल आणि उडणारं पाणी अडवायला असतात, पाण्यात बुडून राहायला नाही. दीड दिवस पाण्यात राहिलं की सीलच्या ओठातनं पाणी आत शिरतं. मग ग्रीस पांढरं पडतं, दुधासारखं, आणि पोलादावर गंजाचे बारीक ठिपके उठतात. तरी त्या कंपनीतनं आलेल्या मूळ बेअरिंगनं त्यानंतरही अडीच वर्षं काढली. एकूण १८ वर्षं, त्यातला दीड दिवस पुराच्या पाण्यात! आणि त्याच्या जागी बसवलेलं नवं बेअरिंग दीड वर्षात गिरणी झालं. हेच मला खात होतं.

तर आधी खात्री करून घेणं. ही पायरी लोक गाळतात आणि मग चार टायर बदलून बसतात, कारण टायरचा आवाज आणि बेअरिंगचा आवाज सुरुवातीला एकसारखाच वाटतो. फरक ओळखायचे दोन-तीन मार्ग आहेत. एक म्हणजे रस्ता बदलला की टायरचा आवाज बदलतो, डांबरावर वेगळा आणि काँक्रीटवर वेगळा, बेअरिंगचा तसाच राहतो. दुसरं म्हणजे वळण. मी तावडे हॉटेलवरनं कागलच्या दिशेनं हायवेला गेलो, मागंपुढं कुणी नाही बघून सत्तरला गाडी लेनमधल्या लेनमधे हळू डावी-उजवी झुलवली. उजवीकडं घेतली की आवाज वाढायचा, डावीकडं घेतली की जवळजवळ गप्प. गाडी उजवीकडं वळली की वजन डाव्या चाकावर पडतं, म्हणजे दुखणं डाव्या चाकात. आणि वळताना कट कट कट असा तुटक आवाज आला असता तर तो एक्सेलच्या जॉइंटचा, ते दुखणं वेगळं.

घरी येऊन जॅकवर घेतली. चाक वर आणि खाली धरून हलवलं तर अगदी जरासा खेळ, म्हणजे ढिलेपणा, असून नसल्यासारखा. तेच डावी-उजवीकडं धरून हलवलं असतं आणि खेळ लागला असता तर आधी टाय रॉडकडं, म्हणजे स्टिअरिंगच्या दांडीकडं बघायचं. पण खेळ नाही म्हणजे बेअरिंग चांगलं असं समजू नका, आवाज आधी येतो आणि खेळ फार नंतर येतो. मला खात्री पटली ती स्प्रिंगमुळं. एका हातानं चाक गरागरा फिरवायचं आणि दुसऱ्या हाताची बोटं वरच्या कॉइल स्प्रिंगवर नुसती टेकवायची. उजव्या बाजूला काहीच लागत नव्हतं, आणि डाव्या बाजूला बोटांना असं वाटलं की स्प्रिंगमधे कुणीतरी बारीक वाळू ओततंय. आण्णांना खुर्ची आणून दिली, त्यांचे गुडघे आता खाली बसू देत नाहीत, त्यांनी खुर्चीतनंच हात लांब करून स्प्रिंगला बोट लावलं आणि म्हणाले, "गेलंय. पण इतक्या लवकर कसं गेलं ते बघायला पाहिजे. ते काढल्यावर टाकून देऊ नको."

मी काही गॅरेजवाला नाही, पण गाडीचं चाकापर्यंतचं काम घरी करतो. यावेळी ठरवलं की खोलायचं आणि जोडायचं आपण, पण बेअरिंग काढायचं आणि बसवायचं काम उद्यमनगरात प्रेसवर, म्हणजे दाबून बसवायच्या मशीनवर. आपल्या कोल्हापुरात राहून हे जमत नसंल तर कुठं जमणार? पार्वती टॉकीजच्या मागच्या गल्ल्यांत शिरलं की दर चार शटरमागं एक लेथ, एक प्रेस, एक मिलिंग. इथंच लहानाचा मोठा झालो, तरी त्या गल्लीत शिरल्यावर कटिंग ऑइलचा वास आला की मला अजून बरं वाटतं.

खोलताना सगळ्यात जड काम चाकाच्या मधोमध असलेल्या एक्सेल नटचं. तो दोनशे न्यूटन मीटरच्या पुढं आवळलेला असतो आणि वर्षानुवर्षं पाणी-चिखल खाल्लेला. गाडी चारही चाकांवर उभी असताना, हँडब्रेक लावून, गिअरमधे टाकून, नट फिरू नये म्हणून घातलेली स्प्लिट पिन काढून तो नट फक्त ढिला करून घ्यायचा, पूर्ण काढायचा नाही. मी गोटी पान्याला चार फुटी पाईप लावला, आदल्या रात्री गंज सुटायचं तेल मारून ठेवलेलं, तरी गल्लीतला एक मित्र बोलवावा लागला. आणि नट काढून किंवा ढिला ठेवून गाडी ढकलायची नाही, एक फूटसुद्धा नाही. ह्या प्रकारच्या बेअरिंगमधे छर्र्यांच्या दोन ओळी असतात आणि आतली रेस, म्हणजे आतली रिंग, दोन तुकड्यांत असते, ते दोन तुकडे एकमेकांवर दाबून धरायचं काम हा नटच करतो. तो ढिला असताना वजन पडलं की रेस सरकतात आणि नवंकोरं बेअरिंगसुद्धा तिथंच खराब होतं.

नट ढिला झाला की चाकाचे नट ढिले करून गाडी वर घेतली, जॅक काढून स्टँडवर ठेवली. नुसत्या जॅकवर ठेवलेल्या गाडीखाली हात घालू नका, कृपा करा. मग चाक काढलं, ब्रेकचा कॅलिपर सोडवून तारेनं स्प्रिंगला टांगला, कारण तो नळीवर लोंबकळला तर ब्रेकची नळी आतनं फाटते आणि बाहेरनं दिसतपण नाही. टाय रॉडचा जॉइंट, खालचा बॉल जॉइंट, वर स्ट्रटचे, म्हणजे शॉक ॲब्सॉर्बरच्या खांबाचे दोन बोल्ट. हे दोन बोल्ट सोडवायच्या आधी खडूनं नाही, टोकदार सळीनं नकल (बेअरिंग ज्यात बसतं तो ओतीव तुकडा) आणि स्ट्रटवर खुणा करून घेतल्या, म्हणजे जोडताना चाकाचा कल जिथल्या तिथं येतो. अलाइनमेंट तर नंतर करायचीच असते, पण तिथपर्यंत गाडी सरळ तर गेली पाहिजे. टाय रॉडचा जॉइंट सुटता सुटंना, पुलर लावून ताण दिला आणि बाजूनं हातोडीचा एक टोला दिला तसा टप्पकन सुटला. नकल हबसकट, म्हणजे चाक ज्यावर बसतं त्या भागासकट, बाहेर.

ते सिमेंटच्या पोत्यात घालायच्या आधी आण्णांसमोर धरलं. त्यांनी गंज अंगठ्यानं पुसला, पान्यानं टिचकी मारून आवाज ऐकला आणि म्हणाले, "एसजी आहे. अशी आम्ही मोजदाद नसंल एवढी ओतलीत." एसजी म्हणजे एसजी आयर्न, ज्यात कार्बन पापुद्र्यासारखा न राहता बारीक गोळ्यांसारखा राहतो म्हणून ते साध्या बिडासारखं कडकन मोडत नाही, वाकायला थोडं तयार असतं. टिचकी मारली की साधं बीड बद्द वाजतं आणि एसजी घंटेसारखं. गाडीचं पुढचं निम्मं ओझं ज्या तुकड्यावर असतं तो तुकडा हातात धरून आण्णा पाच मिनिटं बसले होते. मी घाई केली नाही.

ॲक्टिव्हाच्या पायात पोतं ठेवून फुलेवाडीतनं रंकाळ्यावरनं उद्यमनगर. मेस्त्री आण्णांच्या ओळखीचे, साठीच्या पुढचे, एकेकाळी फाउंड्रीची पॅटर्न, म्हणजे साच्यासाठीचे नमुने, मशीनिंगला त्यांच्याकडं यायची. पोतं उघडल्यावर पहिला प्रश्न, "आण्णांचे गुडघे काय म्हणतात?" आणि दुसरा, "ह्याला हातोडा कुणी मारला?"

मी म्हटलं, मेस्त्री, तुम्हाला कसं कळलं अजून खोललं पण नाही. त्यांनी नकलच्या तोंडावर बोट ठेवलं. बेअरिंग जिथं बसतं त्या भोकाच्या कडेला छिन्नीचे चार-पाच चावे, आणि बेअरिंगच्या बाहेरच्या रिंगच्या कडेवर एका बाजूला चपटी झालेली चमकदार जागा. मला दीड वर्षापूर्वीची दुपार आठवली. गॅरेजचं नाव घेत नाही, माणूस वाईट नव्हता, मन लावून काम करत होता, पण त्याच्याकडं प्रेस नव्हता. जुन्या बेअरिंगची रिंग घेऊन तिच्यावर घणानं ठोकत ठोकत नवं बेअरिंग बसवलं, मग हब तसंच वरनं ठोकून आत घातलं. मी शेजारी उभा राहून चहा पीत होतो. प्रेस तिथनं पाच मिनिटांवर होता! त्या टोल्यांचा आवाज मला तेव्हा चांगला वाटला होता, घट्ट बसतंय असं वाटलं होतं.

मेस्त्रींनी सर्क्लिप, म्हणजे बेअरिंग जागेवर धरणारी कडी, काढली, ती गंजून खाचेत चिकटली होती, थोडं थोडं तेल आणि दोन बाजूंनी हळू हलवत काढली. मग हब प्रेसवर दाबून बाहेर काढलं. हब निघालं, पण नेहमीप्रमाणं आतल्या रेसचा बाहेरचा तुकडा हबवरच अडकून आला. हे बऱ्याच गाड्यांना होतं, घाबरायचं नाही. ग्राइंडरनं त्या रेसवर आडवी खाच मारली, आरपार नाही, आरपार गेलं तर खालच्या हबला चिर पडते, म्हणून कागदाएवढं पोलाद शिल्लक ठेवलं, खाचेत छिन्नी ठेवून एक टोला, कट्ट, रेस तडकली आणि हातानं निघाली. बेअरिंगचं पोलाद फार कडक असतं, ते वाकत नाही, तुटून उडतं. मेस्त्रींनी त्या टोल्याआधी मला आणि त्यांच्या हाताखालच्या पोराला दोन पावलं मागं सरायला लावलं आणि स्वतः चष्मा घातला. ४० वर्षं हे काम करणारा माणूस चष्मा घालतो, हे लक्षात ठेवा.

मग बाहेरची मोठी रिंग नकलमधनं दाबून काढली, डिझेलनं धुतली, आणि मेस्त्री ती घेऊन दाराबाहेर उन्हात गेले. पावसानं जरा उघडीप दिली होती. "इकडं ये, बघ," म्हणाले.

रिंगच्या आतल्या बाजूला छर्रे पळायच्या दोन वाटा असतात, दोन गुळगुळीत पन्हाळी. बाहेरच्या बाजूची वाट पार गेली होती, पोपडे सुटलेले, जुन्या भिंतीचा चुना निघावा तसे. पण आतल्या बाजूची वाट अजून बऱ्यापैकी चांगली होती, आरशासारखी, आणि म्हणूनच तिच्यावर ते दिसलं. ऊन तिरकं धरलं की एक बारीकशी सावली, मग थोडी जागा सोडून दुसरी, मग तिसरी. सगळ्या सारख्या अंतरावर. मेस्त्रींनी माझा हात धरून अंगठ्याचं नख त्या वाटेवरनं ओढलं. गुळगुळीत, आणि मग नख किंचित अडतं, परत गुळगुळीत, परत अडतं. प्रत्येक खड्डा एका छर्र्याचा. हबवर घण पडला तेव्हा तो मार आतल्या रेसमधनं छर्र्यांत आणि छर्र्यांतनं ह्या रिंगेत गेला, आणि प्रत्येक छर्र्यानं आपल्या जागेवर ठसा उमटवला. नवं बेअरिंग गाडीला लागायच्या आधी, पहिला किलोमीटर पळायच्या आधीच ते मेलं होतं. पुढचं दीड वर्ष छर्रे त्या खड्ड्यांवरनं ठेचकाळत पळत होते, खड्ड्यांच्या कडा तुटत गेल्या, त्याची कच ग्रीसमधे मिसळली आणि दळण सुरू झालं.

मी ती रिंग हातात घेऊन किती वेळ उभा होतो कुणास ठाऊक. दीड वर्ष आई, आण्णा, माझी पोरगी, सगळे त्या चाकावर बसून फिरलो, गगनबावड्याचा घाट उतरलो.

मेस्त्रींनी मला जे समजावलं ते असं. बेअरिंग दाबताना जोर नेहमी त्याच रिंगवर द्यायचा जी रिंग घट्ट बसणार आहे. नकलमधे बेअरिंग घालताना घट्ट बसते ती बाहेरची रिंग, म्हणून दाबायचं फक्त बाहेरच्या रिंगवर. हब बेअरिंगमधे घालताना घट्ट बसते ती आतली रेस, म्हणून खालनं आतल्या रेसला बुशचा, म्हणजे जाड पोकळ नळीसारख्या तुकड्याचा आधार द्यायचा आणि मग वरनं हब दाबायचं. जोर छर्र्यांतनं कधीच जाता कामा नये. एवढी एकच गोष्ट. प्रेस असूनसुद्धा हे चुकवलं, म्हणजे हब दाबताना आधार नकलला दिला आणि आतली रेस मोकळी सोडली, तर तोच घोटाळा होतो, फक्त आवाज न होता. म्हणून गॅरेजला प्रेस आहे का एवढंच विचारू नका, हब दाबताना खाली काय ठेवता ते पण विचारा.

नवं बेअरिंग मी येतानाच घेऊन आलो होतो, ओळखीच्या दुकानातनं, बिलासकट. बेअरिंगमधे नकली माल भरपूर फिरतो, डबा हुबेहूब, आतला माल भलताच. जुन्या बेअरिंगवरचा नंबर घेऊन जावा. डीएसीनं सुरू होणारा नंबर असला तर त्यात मापंच लिहिलेली असतात, पहिले दोन आकडे आतला व्यास, पुढचे दोन बाहेरचा व्यास, शेवटचे रुंदी, सगळं मिलिमीटरमधे, त्यामुळं दुकानात मापाचा (ब्रेकचा नव्हे) कॅलिपर लावून स्वतः बघता येतं. आमच्या गाडीला एबीएस, म्हणजे जोरात ब्रेक मारला तरी चाक जाम होऊ न देणारी यंत्रणा, नाही, पण तुमच्या गाडीला असंल तर काही बेअरिंगच्या एका सीलमधेच चुंबकाची पट्टी असते, ती बाजू सेन्सरकडं म्हणजे आत यायला पाहिजे. साधी टाचणी जवळ नेली की कळतं कुठली बाजू ते. उलटं बसवलं तर परत सगळं काढावं लागतं आणि काढताना ते बेअरिंग जातंच, कारण काढताना जोर छर्र्यांतनंच जातो.

मी मेस्त्रींना विचारलं की लोक बेअरिंग फ्रीजरमधे ठेवतात, आकसतं आणि सहज बसतं म्हणतात, तसं करून आणू का. ते म्हणाले, "प्रेस हाय की. फ्रीजरमधनं काढलं की त्याला घाम सुटतोय, पाणी कशाला पाजायचं नव्या बेअरिंगला?" पुरानं एकदा पाजलेलं पुरे होतं.

भोक आतनं बारीक पॉलिश पेपरनं साफ केलं, छिन्नीचे चावे होते तिथली वर आलेली धार हातानं घासून खाली घेतली, सर्क्लिपची खाच टोकदार सळीनं कोरून गंज काढला. ही खाच साफ नसली की सर्क्लिप पूर्ण बसत नाही, दिसायला बसल्यासारखी दिसते. तेलाचा हलका हात. मग बेअरिंग भोकाच्या तोंडावर ठेवलं, आणि ते सरळ आहे का हे बघण्यात मेस्त्रींनी दाबण्यापेक्षा जास्त वेळ घालवला. एका डोळ्यानं बघितलं, नकल फिरवलं, परत बघितलं. मग त्यांच्या डब्यातनं बाहेरच्या रिंगेच्या मापाचा बुश काढला, असले शेकडो बुश त्यांनी स्वतः लेथवर काढून ठेवलेत, आणि प्रेसचा दांडा हळूहळू. बेअरिंग सरकताना आवाजच नव्हता. शेवटी तळाला टेकलं तेव्हा दांड्याला हाताला कळतं म्हणे, अचानक घट्ट होतं, तिथं थांबायचं. नवी सर्क्लिप टाकली, स्क्रू ड्रायव्हरनं गोल फिरवून बघितली की खाचेत सगळीकडं बसलीय. मग खाली आतल्या रेसला दुसरा बुश, वर हब, आणि परत तसंच गुपचूप.

हब हातानं फिरवून दिलं माझ्याकडं. लोण्यातनं बोट फिरवावं तसं फिरलं, थोडं जड, सारखं जड, कुठंही न अडखळता. नव्या बेअरिंगला तो थोडा जडपणा असतोच, सीलचा आणि ग्रीसचा. एकदम सुळसुळीत फिरलं तर उलट शंका घ्यायची.

पैसे विचारले तर मेस्त्रींनी इतके कमी सांगितले की मी परत विचारलं. म्हणाले, "आण्णांना सांग सवडीनं येऊन बसा एकदा." मग मी आण्णांना सांगितलं की जिना नाही, शटर रस्त्यालगत आहे, मी आणतो गाडीतनं.

जोडणं म्हणजे खोलल्याच्या उलट, त्यात सांगण्यासारखं फार नाही. एक्सेल नट मात्र नीट. माझ्याकडं टॉर्क पाना, म्हणजे मापानं आवळायचा पाना, नाही, गल्लीतल्या एकाचा आणला. पोरगी ड्रायव्हर सीटवर बसून दोन्ही पायांनी ब्रेक दाबून धरायची आणि मी खालनं मापानं आवळायचो, "सोडू का पप्पा?" "नको, थांब अजून." अंदाजानं पाईप लावून आवळला तर कमी झाला तरी बेअरिंग जातं आणि फार झाला तरी जातं. नटची खाच पिनच्या भोकाशी जुळली नाही तर नट मागं घेऊन जुळवायची नाही, जरासं पुढं घेऊन जुळवायची, आणि स्प्लिट पिन नवी. ती दहा-पंधरा रुपयाची वस्तू आहे, जुनी सरळ करून परत घालू नका. कॅलिपर बसवल्यावर गाडी हलवायच्या आधी ब्रेकचं पायडल चार-पाचदा दाबून घ्यायचं, पहिल्यांदा ते खाली जातंच. दुसऱ्या दिवशी अलाइनमेंट, आणि शंभरेक किलोमीटरनंतर चाकाचे नट परत एकदा आवळून बघितले.

उजव्या चाकाचं काय, असं बऱ्याच जणांनी विचारलं. ते अजून मूळचंच आहे, कंपनीतनं आलेलं, तेही त्याच पुरात बुडालेलं. स्प्रिंगवर बोटं ठेवून बघितली, काहीच लागत नाही, म्हणून हात लावला नाही. चांगलं चाललेलं बेअरिंग नुसतं जोडी म्हणून काढणं मला पटत नाही, पण दर दोन महिन्यांनी चाक वर घेऊन बोटं टेकवून बघायची असं ठरवलंय.

पुढच्या रविवारी सगळ्यांना घेऊन निघालो, बालिंगा पूल ओलांडून कळे गावच्या रस्त्याला. पाऊस नव्हता. भोगावतीचं पाणी काठाला लागलेलं. पुलापलीकडं रस्ता मोकळा झाला तसा मी वेग वाढवला, पन्नास, साठ, पासष्ट, आणि कुणी काही बोलेना. आई मागं खिडकीला टेकून बाहेर बघत होती. आण्णांनी शेजारच्या सीटवरनं काच पूर्ण खाली केली, कोपर बाहेर काढलं आणि मान जरा डावीकडं कलती करून बसले, फाउंड्रीत भट्टीजवळ उभे राहायचे तसे, डोळे अर्धे मिटून. एक उजवं वळण गेलं. मग अजून एक, जरा मोठं. मी मुद्दाम वेग कमी केला नाही.

मग त्यांनी काच वर केली आणि म्हणाले, "एसी लाव जरा. आणि कळ्यात थांब, भजी खाऊ."